अनुभवाची खातेवही

केंब्रिज येथील जॅगेक्स या ब्रिटिश कंपनीने नोव्हेंबर २०२५ मध्ये आपल्या ‘रुनस्केप’ या संगणकीय खेळाच्या सभासदांपुढे एक कौल मांडला. पैसे मोजून नशीब अजमावयाचे आणि त्यातून आपल्या पात्रासाठी अनुभवगुण मिळवावयाचे, अशी एक सोय या खेळात कित्येक वर्षे चालू होती. ती काढून टाकावी, असे म्हणणारी एक लाख मते पडली तर ती काढून टाकू, असे कंपनीने सांगितले. तेवढी मते हां हां म्हणता पडली, आणि जानेवारी २०२६ पासून ही सोय बंद करण्याचे जाहीर झाले. एखाद्या व्यापारी संस्थेने आपल्या मिळकतीचा एक झरा गिऱ्हाइकांच्या मतावरून बुजवावा, हे नवल खरेच. परंतु त्याहूनही मोठे नवल आहे ते मत देणाऱ्यांचे. त्यांनी जी गोष्ट नाकारली ती वरवर पाहता त्यांच्याच सोयीची होती. महिनोन्‌महिन्यांची मेहनत चार पैशांत वाचविण्याचा तो मार्ग होता. खेळणाऱ्याने खेळातील कष्ट वाचविण्यास नकार द्यावा आणि तोही इतक्या हिरिरीने द्यावा, याचा अर्थ काय?

हा प्रश्न पोरखेळातला म्हणून सोडून देता येण्यासारखा नाही. आज महाविद्यालयातील विद्यार्थी, नोकरीच्या प्रतीक्षेतील पदवीधर आणि नोकरीत रुळलेले तरुणसुद्धा ज्या खेळांत आपला फावला वेळ घालवितात, त्यांपैकी बहुतेकांच्या मुळाशी एक खातेवही असते. पात्राने काय केले, किती केले, त्याची पातळी कितवी झाली आणि पुढच्या पातळीला किती उणे आहे, याची ती खातेवही. ‘रुनस्केप’मध्ये ती सर्वांत उघड्या, सर्वांत निर्भेळ रूपात पाहावयास मिळते.

हा खेळ जानेवारी २००१ मध्ये सुरू झाला. अँड्र्यू गोवर आणि त्यांचे बंधू पॉल हे त्याचे मूळ कर्ते. घरोघरच्या संगणकांपुढे बसलेली हजारो माणसे एकाच कल्पित भूमीवर एकाच वेळी वावरतात, असे त्याचे स्वरूप आहे. हल्ली त्याच्या दोन आवृत्त्या चालतात. एक, काळाप्रमाणे बदलत आलेली. दुसरी, २००७ सालच्या जतन करून ठेवलेल्या प्रतीवरून फेब्रुवारी २०१३ मध्ये पुन्हा उभी केलेली, ‘ओल्ड स्कूल’ या नावाची. हीदेखील खेळाडूंच्या कौलानेच अस्तित्वात आली. अशा खेळांत मारामारीपलीकडे काही नसते असा आपल्याकडे समज आहे. मारामारी येथेही आहे. पण तिच्या जोडीला लाकूडतोड आहे, मासेमारी आहे, खाणकाम, लोहारकाम, स्वयंपाक, शेती आणि घरबांधणी आहे. चामडे शिवणारा आहे, मडकी घडविणारा आहे. जुन्या गावगाड्यातील बलुतेदारांपैकी निम्मे तरी तेथे सापडावेत! आणि दिवसभर कचेरीत किंवा वर्गात डोके शिणवून आलेला मनुष्य रात्री त्या भूमीवर जाऊन हौसेने झाडे तोडीत बसतो.

झाडावर कुऱ्हाड चालविली, एक ओंडका हाती आला, की खात्यावर २५ अनुभवगुण जमा होतात. हे साध्या झाडाचे. ओकच्या ओंडक्याला साडेसदतीस, विलोच्या ओंडक्याला साडेसदुसष्ट, यू नामक वृक्षाच्या ओंडक्याला १७५. खेळाडूच्या डोळ्यांदेखत तो आकडा पडद्यावर तरंगत वर जातो. ८३ गुण झाले, म्हणजे साधे चार ओंडके तोडले, की दुसरी पातळी. पन्नासाव्या पातळीला १,०१,३३३ गुण लागतात, सत्तराव्या पातळीला ७,३७,६२७ आणि शेवटच्या नव्व्याण्णवाव्या पातळीला १,३०,३४,४३१. या कोष्टकाची बांधणी गणिताच्या शिक्षकाने फळ्यावर मांडावी अशी आहे. दर सात पातळ्यांना एका पायरीची किंमत सुमारे दुप्पट होते; म्हणजे प्रत्येक पायरी आधीच्या पायरीहून साधारण दहा टक्क्यांनी महाग. त्यामुळे एक चमत्कारिक गोष्ट घडते. ब्याण्णवाव्या पातळीवर पोहोचलेला खेळाडू शिखराच्या जवळ आलो असे समजतो. पण त्याच्या खात्यावर ६५,१७,२५३ गुण असतात, म्हणजे तो नेमका अर्ध्या वाटेवर असतो. उरलेल्या सात पायऱ्यांना मागील एक्क्याण्णव पायऱ्यांइतकेच श्रम लागतात. अठ्ठ्याण्णवावरून नव्व्याण्णवावर चढावयाचे तर यू वृक्षाचे सात हजारांहून अधिक ओंडके तोडले पाहिजेत. सातव्या वेतन आयोगाच्या कोष्टकात वर्षाची वेतनवाढ सुमारे तीन टक्क्यांची होती. तिच्याकडे डोळे लावून बसणाऱ्या कारकुनाला हा दहा टक्क्यांचा चढ कसा वाटेल, हे सांगणे नलगे!

तरीही माणसे तो चढतात. चढून गेल्यावर थांबतात असेही नाही, कारण नव्व्याण्णवाव्या पातळीनंतरही वीस कोटींपर्यंत गुण साठत राहतात. आणि असे खेळाडू आहेत की ज्यांनी एकेका कौशल्यात ती वीस कोटींची सीमाही गाठली आहे.

याचे कारण शोधावयाचे तर खेळाच्या बाहेर, माणसांच्या रोजच्या आयुष्यात पाहिले पाहिजे. सरकारी कर्मचाऱ्याचे सेवापुस्तक असते. त्यात नेमणूक, बदली, रजा, वेतनवाढ यांची नोंद होते. पण एखाद्या कारकुनाने साचलेल्या दोनशे फायली हातावेगळ्या केल्या, याची नोंद त्यात कोठे होते? त्याच्याविषयी गोपनीय अहवालात काय लिहिले जाते ते लिहिणाऱ्याच्या मर्जीवर. शिक्षकाने वर्षभर एका मंद मुलाला वाचावयास शिकविले, ते कोणत्या रकान्यात बसवावयाचे? स्पर्धापरीक्षेचा विद्यार्थी चार वर्षे अभ्यास करतो आणि यादीत नाव न आले तर त्या चार वर्षांचे मूल्य शून्य ठरते. अर्ध्या गुणाने हुकलेला आणि पहिल्या दिवशीच पुस्तक मिटलेला, दोघेही त्या यादीबाहेर सारखेच. अशा जगातून येणाऱ्या माणसापुढे एक खातेवही ठेवली जाते, जिच्यात कुऱ्हाडीचे प्रत्येक फळ नोंदले जाते, जिच्यावर वशिला चालत नाही, आणि एकदा जमा झालेला गुण जिच्यातून कधी वजा होत नाही. पात्र मेले तर त्याच्याजवळची चीजवस्तू जाईल, पण अनुभव जात नाही. कष्ट आणि फळ यांचा इतका सरळ संबंध बाहेर कितीशा ठिकाणी उरला आहे? या खेळांना नुसते व्यसन म्हणून मोकळे होणाऱ्यांनी या प्रश्नाला बगल दिलेली असते.

अनुभवाला गुणांत मोजण्याची ही पद्धत संगणकाहून निराळ्या कुळातली आहे. गॅरी गायगॅक्स व डेव्ह आर्नेसन यांचा ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा अमेरिकन खेळ १९७४ मध्ये प्रसिद्ध झाला. तो टेबलाभोवती बसून कागद, पेन्सिल आणि फासे घेऊन खेळावयाचा. त्यात पातळ्या आणि अनुभवगुण होते. परंतु हिशेब ठेवणारा माणूस होता आणि तो समोर बसलेला असे. त्याच्याशी वाद घालता येई. १९७८ मध्ये एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ व रिचर्ड बार्टल यांनी अनेकांनी मिळून संगणकावर खेळावयाचा असा खेळ रचला, त्यात हिशेब यंत्राकडे होता. ही यंत्रे आरंभी दयाळू नव्हती. १९९९ च्या ‘एव्हरक्वेस्ट’मध्ये पात्र मेले तर मिळविलेला अनुभवही वजा होई, प्रसंगी पातळीही खाली येई. कधीच वजा न होणारी वही ही पुढची शोध म्हणावयाची, आणि माणसाला खुर्चीला बांधून ठेवण्याच्या कामी ती धाकापेक्षा कितीतरी परिणामकारक ठरली.

पण वही आली की लेखापालही येतो. ‘रुनस्केप’ची कंपनी वीस लाख क्रमांकांपर्यंतची गुणवत्तायादी सर्वांस खुली ठेवते. त्या यादीवरून ठराविक वेळाने नोंद उतरवून घेऊन, अमक्याने काल किती गुण मिळविले, या आठवड्यात किती, गेल्या वर्षात किती, असे तक्ते काढणारी साधने खेळाडूंनी स्वतःच तयार केली आहेत. ‘वाइज ओल्ड मॅन’ हे त्यांतले एक. ‘रुनलाइट’ नावाच्या दुसऱ्या साधनात तर खेळत असतानाच पडद्याच्या कोपऱ्यात ताशी गुणांचा वेग, पुढच्या पातळीस उरलेले ओंडके आणि त्यास लागणारा वेळ अखंड दिसत राहतो. याच्याही पुढे जाऊन खेळाडूंच्या एका वर्गाने ‘कार्यक्षम तास’ नावाचे माप काढले. एखाद्याने प्रत्यक्ष किती तास खर्च केले याला त्या मापात महत्त्व नाही. सर्वांत वेगवान पद्धतीने काम केले असते तर एवढ्या गुणांना किती तास लागले असते, ते त्याचे मोल. गिरणीतल्या कामाचे वेळापत्रक घड्याळ हातात धरून ठरविणाऱ्या फ्रेडरिक टेलरचा आत्मा हे पाहून तृप्त झाला असता. फरक एवढाच की टेलरचे घड्याळ मालकाच्या हाती होते. येथे मजूरच ते आपल्या मनगटावर बांधून घेतो आणि वर त्याला करमणूक म्हणतो.

यातून खेळाची भाषाच बदलते. झाडाखाली उभे राहून दुसऱ्या खेळाडूशी चार शब्द बोलणे, कल्पित समुद्राच्या काठी नुसते हिंडणे, यांस ‘अनुभवाची नासाडी’ म्हणण्याची रीत या खेळाडूंत पडली आहे. अर्धी थट्टा, अर्धे खरे. परंतु ज्या खेळाची सारी मौज अनोळखी माणसांशी गप्पा मारीत मासे पकडण्यात होती, त्यात गप्पा या नासाडीत जमा व्हाव्यात, हे मोजमापाने मोजल्या जाणाऱ्या वस्तूवर उलटून केलेले आक्रमण होय. परीक्षेत येत नाही म्हणून धडा गाळणारा विद्यार्थी ज्यांनी पाहिला आहे त्यांना हे अनोळखी वाटणार नाही.

आता या हिशेबातली खरी गोम पाहू. गुण रात्रंदिवस डोळ्यांसमोर असतात. तास मात्र नसतात. आपण या भूमीवर एकूण किती वेळ घालविला हे ‘रुनस्केप’च्या खेळाडूला जाणून घ्यावयाचे झाले तर वर्षानुवर्षे एकच सोय होती: लंब्रिज नामक किल्ल्याच्या आवारात हॅन्स नावाचा एक नोकर येरझारा घालीत असतो, त्याला गाठून विचारावे. ‘ओल्ड स्कूल’मध्ये पुढे पात्राच्या माहितीपत्रकात तो आकडा देण्यात आला, पण तोही झाकलेला, खेळाडूने मुद्दाम बटण दाबले तर उघडतो. म्हणजे जमेची बाजू भिंतीवर रंगवून ठेवलेली, आणि खर्चाची बाजू मागितल्याखेरीज दिसावयाची नाही. असा ताळेबंद एखाद्या सहकारी पतपेढीने सभासदांपुढे ठेवला असता तर वार्षिक सभेत गोंधळ उडाला असता.

वेळेचा हिशेब किती तऱ्हांनी मांडता येतो याचे एक उदाहरण मोठे बोधक आहे. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ हा अमेरिकन खेळ २००४ मध्ये बाजारात येण्यापूर्वी त्याची चाचणी चालू असताना कर्त्यांनी अशी योजना केली होती की, फार वेळ खेळत राहिल्यास मिळणारा अनुभव निम्म्यावर यावा. खेळाडू खवळले. तेव्हा कर्त्यांनी हिशेब उलटा लिहिला: विश्रांती घेऊन येणाऱ्यास काही काळ दुप्पट अनुभव, नंतर नेहमीइतका. बेरीज-वजाबाकी जवळजवळ तीच राहिली, पण दंडाचे बक्षीस झाले आणि तक्रार मिटली. खातेवही लिहिणाऱ्याच्या हाती केवढी शक्ती असते, हे यावरून उमगावे.

चीनच्या सरकारला ती उमगली होती. अल्पवयीन मुलांसाठी त्या देशाने २००७ मध्ये जो नियम लागू केला त्याने घड्याळाऐवजी नेमक्या या खातेवहीवरच हात घातला. तीन तासांनंतर मिळणारे गुण निम्मे करावयाचे, आणि पाच तासांनंतर शून्य. खेळ चालू राहील, पण कुऱ्हाड चालविण्याचे फळ मिळणार नाही. कल्पना चतुर होती. परंतु मुले थोरांच्या नावाने खाती उघडू लागली. मग २०१९ मध्ये दिवसाला दीड तासाची मर्यादा आली, आणि २०२१ मध्ये शुक्रवार, शनिवार, रविवार व सुटीच्या दिवशी रात्री आठ ते नऊ एवढीच मोकळीक उरली. खातेवहीतून सुरू झालेले नियंत्रण असे घड्याळावर, आणि अखेर खेळाडूच्या ओळखपत्रावर व चेहऱ्याच्या पडताळणीवर येऊन ठेपले. मुलांच्या हितासाठी उचललेले पाऊल किती दूरवर जाऊ शकते, हे या पंधरा वर्षांच्या प्रवासात दिसते.

‘रुनस्केप’मधील पैशाचा शिरकाव २०१२ सालचा. त्या वर्षी खेळात एक नशिबाचे चाक आले. ते फिरविले की बक्षीस मिळे, आणि बक्षिसांत अनुभवगुणही असत. आरंभी रोजची फुकट फेरी होती. काही आठवड्यांतच जादा फेऱ्या विकत मिळू लागल्या. २०१४ मध्ये चाकाऐवजी पेट्या आल्या, पण गोष्ट तीच. याचा परिणाम कोठवर गेला हे ब्रिटिश पार्लमेंटच्या एका समितीने सप्टेंबर २०१९ मध्ये दिलेल्या अहवालात नमूद आहे. एका नागरिकाच्या प्रौढ मुलाने या एका खेळापायी पन्नास हजार पौंडांवर कर्ज करून ठेवले होते. कंपनीच्या प्रतिनिधींनी समितीपुढे सांगितले की, त्यांच्या खेळात खेळाडूला आठवड्याला एक हजार आणि महिन्याला पाच हजार पौंड इतका खर्च करणे शक्य आहे. झाडे तोडण्याच्या खेळात महिन्याला पाच हजार पौंड!

नोव्हेंबरच्या कौलाचा अर्थ या पार्श्वभूमीवर लागतो. ज्याने स्वतः सात हजार ओंडके तोडले आणि ज्याने पेटी उघडून तेवढेच गुण मिळविले, त्या दोघांची नावे यादीत शेजारी शेजारी येऊ लागली की यादीलाच अर्थ उरत नाही. वहीचे सारे मोल ती खोटी लिहिता येत नाही या विश्वासात असते. खेळाडूंनी मत दिले ते या विश्वासाच्या बाजूने. विकत घेतलेल्या पदवीने सर्वाधिक नुकसान होते ते अभ्यास करून पदवी मिळविणाऱ्याचे. त्याला जो संताप येतो तोच हा संताप आहे, आणि खेळातला म्हणून तो खोटा ठरत नाही. जानेवारी २०११ मध्येही कंपनीने असाच एक कौल घेतला होता. खेळातील चलनाची बाहेर खऱ्या पैशाने चाललेली विक्री रोखण्यासाठी तिने २००८ च्या आरंभी खेळाडूंमधील देवघेवीवर कडक निर्बंध घातले होते; ते उठवावेत काय, असा तो प्रश्न होता. बारा लाख मते पडली आणि त्यांपैकी एक्क्याण्णव टक्के निर्बंध उठविण्याच्या बाजूने होती. खेळाडूंना मोकळा बाजार हवा होता, म्हणजे पैशाचे त्यांना सरसकट वावडे आहे असे नाही. ओंडका विकावा, पण ओंडका तोडल्याचे श्रेय विकू नये, अशी काहीशी सीमारेषा त्यांनी या दोन कौलांत मिळून आखली आहे. मात्र ही रेषा वाटते तितकी भक्कम नाही, हेही सांगितले पाहिजे. ‘ओल्ड स्कूल’मध्येसुद्धा कंपनीकडून खऱ्या पैशाने रोखा घ्यावा, तो खेळातील सुवर्णनाण्यांना विकावा आणि त्या नाण्यांतून महागडी साधने घेऊन झपाट्याने वर चढावे, ही वाट उघडी आहेच.

आणि काहींच्या दृष्टीने ही सारी चर्चाच श्रीमंती थाटाची आहे. व्हेनेझुएलाचे चलन मातीमोल झाले त्या काळात, साधारण २०१७ पासून, तेथील पुष्कळ तरुण या खेळात हिरवे ड्रॅगन मारून मिळणारा माल व नाणी जमवू लागले आणि बाहेर डॉलरच्या हिशेबात विकू लागले. त्यांतल्या काहींची कमाई देशातील किमान वेतनाहून अधिक होती. त्यांना पातळीचे अप्रूप नव्हते. पातळी म्हणजे जास्त मिळकतीच्या जागी उभे राहण्याचा परवाना. त्या दिवसांत इतर देशांतले काही खेळाडू अशा व्हेनेझुएलावासीयांना हुडकून त्यांच्या पात्रांना ठार करण्याच्या युक्त्या एकमेकांना सांगत. त्यांच्या मते हे लोक खेळाचे नियम मोडीत होते, आणि नियम मोडले जात होते हे खरेच. परंतु एकाच झाडाखाली, एकाच कुऱ्हाडीने, एकजण करमणुकीसाठी मजुरी करीत आहे आणि दुसरा मजुरीसाठी करमणूक, हे चित्र विसरता येण्यासारखे नाही.

ही वही अखेर कोणाच्या मालकीची? खेळाडूच्या नव्हे, एवढे निश्चित. जॅगेक्स ही कंपनी २०१६ मध्ये चिनी मालकीकडे गेली, २०२१ मध्ये कार्लाइल या अमेरिकन गुंतवणूकसंस्थेने ती घेतली आणि २०२४ मध्ये सीव्हीसी या दुसऱ्या गुंतवणूकसंस्थेला विकली. प्रत्येक विक्रीत लाखो खेळाडूंच्या वीस-वीस वर्षांच्या नोंदी मालमत्तेबरोबर इकडून तिकडे गेल्या. आणि वहीचा शेवट कोठे हेही मालक ठरवितो. ‘ओल्ड स्कूल’मध्ये तेवीस कौशल्ये होती, त्या सर्वांत नव्व्याण्णव पातळ्या मिळविणाऱ्याची बेरीज २,२७७ होई आणि त्याचे काम संपले असे मानले जाई. नोव्हेंबर २०२५ मध्ये नौकानयन हे चोविसावे कौशल्य दाखल झाले आणि ज्यांचे काम संपले होते त्यांचे ते एका रात्रीत अपुरे झाले. याही बाबतीत खेळाडूंची संमती घेतलेली होती, आणि बहुतेकांना त्याचा आनंदच झाला, हे खरे. काम संपण्याची भीती काम न संपण्याच्या भीतीहून मोठी असावी!

आपल्याकडे ‘रुनस्केप’ खेळणारे थोडे. परंतु गुण, पातळ्या आणि हंगामी बक्षिसांच्या पायऱ्या असलेले भ्रमणध्वनीवरील खेळ गावोगाव पोहोचले आहेत. त्यांपैकी ‘बीजीएमआय’ हा बंदी उठून मे २०२३ मध्ये परतला, तेव्हा अल्पवयीनांना दिवसाला तीन तास आणि प्रौढांना सहा तास अशी मर्यादा घेऊन परतला. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांविषयीचा कायदा केला. त्याची दृष्टी मुख्यतः पैशावर आहे. जिंकण्याच्या अपेक्षेने पैसा लावावयाचा अशा खेळांवर, मग ते कौशल्याचे असोत की नशिबाचे, त्याने बंदी घातली. ई-क्रीडा व सामाजिक खेळ यांना मान्यता दिली. आणि सामाजिक खेळांना वर्गणी घेण्याचीही मुभा ठेवली. पैशाच्या खेळांनी देशोधडीला लावलेली घरे पाहता बंदीचा भाग समजण्यासारखा आहे. पण खऱ्या पैशाने पेटी उघडावयाची आणि तिच्यातून पैशाऐवजी अनुभवगुण निघावयाचे, हा प्रकार या दोन वर्गांपैकी कोणत्या वर्गात बसतो? कायद्यात पैशाबरोबर ‘इतर लाभ’ असाही शब्दप्रयोग आहे. त्यात गुण येतात की नाहीत, याचा खल आज ना उद्या न्यायालयात व्हावयाचा आहे. आणि जेथे पैसा मुळीच नाही, केवळ वेळ आहे, तेथे हा कायदा काही बोलत नाही.

योगायोगाची गोष्ट अशी की शिक्षणक्षेत्र याच सुमारास वेळेचा हिशेब उघडपणे मांडू लागले आहे. २०२३ च्या राष्ट्रीय श्रेयांक आराखड्यात तीस तासांच्या अध्ययनाला एक श्रेयांक आणि वर्षाच्या बाराशे तासांना चाळीस श्रेयांक धरले आहेत. या पद्धतीवर शिक्षकांचे आक्षेप आहेत आणि त्यांतले काही रास्तही आहेत. पण एक गुण तिच्यात आहे: श्रेयांक म्हणजे किती तास, हे पहिल्याच पानावर लिहिलेले असते.

खेळांच्या बाबतीत तेवढेच मागता यावे, अशी एक वाट दुसऱ्या कायद्यातून निघू शकते. व्यक्तिगत माहितीच्या संरक्षणाचा कायदा २०२३ मध्ये झाला. नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याचे नियम प्रसिद्ध झाले आणि मुख्य तरतुदींसाठी अठरा महिन्यांची मुदत देण्यात आली, म्हणजे त्या २०२७ च्या मध्याच्या सुमारास अंमलात यावयाच्या आहेत. परदेशी कंपनी भारतातील लोकांना सेवा देत असेल तर तीही या कायद्याच्या कक्षेत येते. अठरा वर्षांखालील मुलांच्या वर्तनाचा माग ठेवण्यास त्यात मनाई आहे. आणि आपल्याविषयी कोणती माहिती साठविली आहे, हे मागण्याचा अधिकारही आहे, जो मुलाच्या वतीने पालकाला बजावता येतो. कुऱ्हाडीचा प्रत्येक घाव नोंदविणे म्हणजे वर्तनाचा माग ठेवणे होय काय, की तो खेळाचाच अविभाज्य भाग मानावयाचा, हे ठरविताना नियमकर्त्यांना घाम फुटणार आहे. कारण ती नोंद पुसली तर मुलाचा खेळच पुसला जातो, आणि पहिला निषेध मुलाकडूनच येईल. परंतु दुसऱ्या अधिकाराच्या वापराला एवढी अडचण नाही. सातारा किंवा नांदेडच्या एखाद्या पालकाने त्या मुदतीनंतर कंपनीला पत्र लिहून, आपल्या मुलाच्या खात्यावर गुण किती हे न विचारता तास किती हे विचारले, तर तो आकडा कंपनीच्या यंत्रात आधीपासून तयार आहे.